नाईक परबचं पाऊल

माझी बदली मुलुंडला झाली तेव्हा मी पंचविशीत होते आणि खांद्यावर लेफ्टनंटचे दोन तारे होते. पन्नासचं दशक नुकतंच सुरू झालं होतं. ऑर्डरमध्ये एवढंच होतं: कन्व्हलेसंट (दुखण्यातून सावरणाऱ्यांची) विंग, वॉर्ड तीन, नर्सिंग ऑफिसर. वॉर्ड तीन म्हणजे काय, ते मला न्यायला आलेल्या ड्रायव्हरने सांगितलं. जीपमध्ये माझी ट्रंक चढवताना तो म्हणाला, "तो डोकेवाल्यांचा वॉर्ड, सिस्टर."

निखिल, तू मला नेहमी विचारतोस की आजी आर्मीत होती म्हणजे तिने बंदूक चालवली का. नाही चालवली. मी ज्यांनी चालवली त्यांच्या बिछान्यावरची चादर नीट आहे की नाही ते पाहत असे. याहून जास्त मी तुम्हाला कधी सांगितलं नाही.

आता लिहायला बसले त्याला कारण गेल्या रविवारचा फोन. इरा, तुझी आई शेजारी ऐकणार नाहीत अशा बेताने हळू बोलत होती. म्हणाली, तू वर्गात मधूनच थांबतेस, नजर एका जागी राहते, बोटं बाहीची कड चाळवत बसतात, आणि नंतर तुला काही आठवत नाही. डॉक्टरांनी त्याचं नाव सांगितलं आहे आणि गोळ्या सुरू केल्या आहेत. फोन ठेवता ठेवता ती म्हणाली, "शाळेत कोणाला सांगू नको म्हटलंय तिला. आई, तूही कुठे बोलू नकोस."

मी 'बरं' म्हटलं नाही. त्याऐवजी हे लिहिते आहे. तुझ्या आईलाही वाचायला दे.

मुलुंड तेव्हा मुंबईत धरत नसत. स्टेशनच्या पश्चिमेला थोडे बंगले, पुढे भातखाचरं, आणि त्यामागे डोंगर. डोंगराच्या पायथ्याशी दुसऱ्या महायुद्धात बांधलेल्या बराकी होत्या, त्यांतच आमचं हॉस्पिटल. समोर मेंदीच्या कुंपणाचं परेड ग्राउंड. दुपारी डोंगरातल्या दगडाच्या खाणीत सुरुंग उडत, तेव्हा खिडक्यांच्या काचा थरथरत आणि वॉर्ड तीनमधले दोघेतिघे पलंगाखाली जात. आम्ही खाणवाल्यांना वेळ बदलायला सांगितलं होतं. त्यांनी बदलली नाही.

वॉर्डात दोन प्रकारचे पेशंट होते. काहींच्या डोक्याला गोळी किंवा छर्रा लागलेला. काहींना कुठेच काही लागलेलं नव्हतं, पण झोप नाही, हात कापतात, एखादा महिनोन्‌महिने बोलत नाही. बाहेरच्यांच्या लेखी सगळे एकच, डोकेवाले. औषधं फार नव्हती. झोपेच्या गोळ्या, शांत करणारी काही औषधं, निवडक पेशंटना विजेचे झटके. बाकी सगळं शिस्तीवर. सकाळी सहाला फॉल-इन, ड्रिल, मग आंघोळ, नाश्ता, बागकाम.

ड्रिल सुभेदार शिंदे घेत. साताऱ्याकडचे, बुटके, आवाज असा की कुंपणापलीकडची गुरं मान वर करत. वॉर्डाचे प्रमुख मेजर साठे यांचा या ड्रिलवर औषधापेक्षा जास्त विश्वास होता, आणि तो उगाच नव्हता. न बोलणारा एक शिपाई परेड ग्राउंडवरच पहिला शब्द बोलला होता. त्याचा नंबर आला आणि त्याने तो मोठ्याने पुकारला. तेव्हापासून मेजरसाहेबांचा नियम ठरला: ज्याचं ड्रिल ठीक, त्याचं डोकं ठीक. मेडिकल बोर्डापुढे कोणाला फिट म्हणून पाठवायचं, तेही ग्राउंडवरच ठरे. सिव्हिलमध्ये कोणी असं केलं नसतं. आम्ही केलं, कारण आम्ही फौजी होतो आणि सरळ चालणारा माणूस आम्हाला शहाणा वाटे.

नाईक यशवंत परब मालवणजवळच्या एका गावचा. काश्मीरच्या लढाईत मॉर्टरचा तुकडा उजव्या कानाच्या वर लागला होता. जखम भरून काही वर्षं झाली होती. केस वाढवले की व्रणही दिसत नसे. युनिटमध्ये तो मध्येच हुकूम ऐकत नाही अशी तक्रार झाली, दोनदा शिस्तभंगाचा चार्ज लागला, आणि शेवटी कोणीतरी त्याला आमच्याकडे पाठवलं. कागदावर लिहिलं होतं: वर्तणूक तपासणे.

वर्तणूक उत्तम होती. वॉर्डात सगळ्यात चोख पलंग त्याचा. नव्या पेशंटचे बूट तोच चमकवून देई. वरच्या खिशात एका मुलीचा फोटो होता. घाटकोपरच्या या मुलीशी त्याचं लग्न ठरलं होतं. त्याचा थोरला भाऊ, दादा, लालबागला गिरणीत होता. तो रविवारी भेटायला येताना सुक्या बांगड्यांची पुडी आणायचा आणि सगळा वॉर्ड नाक धरून मिटक्या मारायचा.

परबचं पहिलं लक्षण मी नाश्त्याच्या वेळी पाहिलं. चहाचा मग हातात घेऊन तो थांबला. ओठ चाखल्यासारखे हलू लागले. डाव्या हाताची बोटं शर्टाचं बटण उघडू-लावू लागली. शेजारी गुरव नावाचा शिपाई बसला होता, वॉर्डाचा विदूषक. तो म्हणाला, "बसले आमचे पेटीमास्तर! परब, बटण आहे ते, पेटीचा सूर नव्हे!"

सगळे हसले. परब हसला नाही. मी हाक मारली, त्याने पाहिलं नाही. मग डोळ्यांत हळूहळू माणूस परत आला आणि त्याने मगाकडे पाहिलं.

"परब, काय झालं होतं?"

"खंय काय? च्याय थंड झाली, सिस्टर."

"तू मघाशी इथे नव्हतास."

"मी खंय गेल्लंय? हयच आसय."

गुरवला मी बाजूला घेतलं. "हे नेहमी होतं?"

"आठवड्यात दोन-तीनदा तरी, सिस्टर. आम्ही पेटी वाजली म्हणतो. भला माणूस आहे, त्रास काही देत नाही."

मी इंग्रजी पुस्तकात याबद्दल वाचलं होतं. आपल्याकडे फिट म्हणजे माणूस पडतो, हातपाय झाडतो, तोंडाला फेस येतो, कोणीतरी कांदा नाहीतर चप्पल हुंगवतो. पण मेंदूचा सगळाच कारभार विजेच्या बारीक संदेशांवर चालतो, आणि जुन्या जखमेच्या जागी ती वीज थोडा वेळ भलतीच उसळली की फिट येते. सगळ्या मेंदूत उसळली तर माणूस पडतो. एकाच कोपऱ्यात उसळली तर तो उभाच राहतो, चालतोसुद्धा, पण ऐकत नसतो. हात आपलं सवयीचं काम करत राहतात. हे अपस्मारच. वेड नव्हे, ढोंगही नव्हे.

मेजरसाहेबांना मी सांगितलं. ते चांगले डॉक्टर होते, ऐकून घेत. त्यांनी परबला बोलावलं.

"परब, काही त्रास?"

"नाय सर."

"चक्कर? विसरायला होतं?"

"नाय सर. एकदम फिट, सर."

फिट हा शब्द दोन्ही अर्थांनी खोलीत होता आणि हसण्याच्या मनःस्थितीत कोणी नव्हतं. बाहेर आल्यावर परब व्हरांड्यात माझी वाट पाहत उभा होता. आवाज दबलेला, पण रागावलेला.

"सिस्टर, तुमी माका येडो ठरवतल्यात."

"वेडाचा काही संबंध नाही. मेंदूची जुनी जखम आहे ती. गोळ्या आहेत त्यावर."

"ह्यां तुमका कळता. घाटकोपराक कोणाक कळतला? फेफरावालो म्हणतले. माजा लगीन मोडतला." मग म्हणाला, "आये म्हणता, नजर लागली हा, देवाक गाऱ्हाणा घालूक व्हया. घालतलंय. तुमी मात्र लिवू नकात."

मी लिहिलं. पेशंटच्या चार्टवर जे दिसलं ते वेळेसकट लिहिणं हे माझं काम होतं. तो दोन दिवस माझ्याशी बोलला नाही. तिसऱ्या दिवशी माझे बूट दारात चमकवून ठेवलेले दिसले.

मेजरसाहेब स्वतः ग्राउंडवर येऊन पाहू लागले. आणि एका सकाळी मी ज्याची वाट पाहत होते ते त्यांच्या डोळ्यांसमोर झालं. स्क्वॉड कुंपणाच्या दिशेने चालत होता. मी मेजरसाहेबांच्या शेजारी उभी होते. परबचे ओठ हलू लागले. नजर काचेसारखी झाली.

"सर, बघा. आत्ता."

ते बघत होते. परब चालत होता. छाती बाहेर, हात खांद्यापर्यंत, टाच जमिनीत रुतेल अशी. कुंपणाशी सुभेदारांनी 'थम' दिला. सगळे थांबले, परबही थांबला. मला वाटतं तो मेंदीला अडून थांबला. पण त्याच क्षणी तो परत आला असावा, कारण 'पीछे मुड'ला तो बरोबर वळला.

"एक पाऊल चुकलं नाही," मेजरसाहेब म्हणाले.

"सर, त्याला ऐकूच येत नव्हतं. तो सरळ जात होता, आणि हुकूमही सरळ जायचाच होता."

सुभेदार शिंदे जवळ आले होते. "सिस्टरसाब, शुद्ध नसलेला माणूस असं पाऊल टाकतो? बत्तीस वर्षं परेड बघतोय मी. ते पाऊल रंगरुटांना दाखवावं असं आहे."

"पाऊल पायात बसलंय त्याच्या, सुभेदारसाहेब. त्याला डोकं लागत नाही."

ते हसले. मेजरसाहेब हसले नाहीत. त्यांनी सिगरेट पेटवली. मग म्हणाले, मुंबईत मेंदूचा आलेख काढणारं यंत्र एका मोठ्या इस्पितळात आलं आहे, तिथे पत्र पाठवू. गोळ्यांचं काय ते बोर्ड झाल्यावर ठरवू. तोवर डोंगराच्या मार्चला त्याला जाऊ द्या.

"आणि सिस्टर, तुमचं समाधान म्हणून सांगतो, त्याच्याकडे रायफल द्यायची नाही. मध्येच काही झालं तर दुसऱ्याला धोका नको."

मला हायसं वाटलं. ते हायसं वाटणं मी अजून विसरलेले नाही. आम्ही तिघांनी, एक डॉक्टर, एक सुभेदार आणि एक शिकलेली नर्स, परबमुळे इतरांना काय होऊ शकेल याचा विचार केला. परबला काय होऊ शकेल हे कोणाच्या मनात आलं नाही. डोक्याचा आजार म्हटलं की सगळे असाच विचार करतात. आम्हीही केला.

डोंगराचा मार्च म्हणजे बोर्डापूर्वीची शेवटची परीक्षा. हॉस्पिटलपासून निघून पायवाटेने वर, खाणीच्या बाजूने वळसा, आणि परत. मी नियमाप्रमाणे मागून जीपमध्ये, फर्स्ट एडची पेटी घेऊन. हवा स्वच्छ होती. स्क्वॉड तीनतीनच्या रांगांत होता. परब सगळ्यात पुढे, उजव्या बाजूला. सगळ्यात चांगलं पाऊल पुढे ठेवायची पद्धत, म्हणून. एकट्याचे हात मोकळे. गुरव त्याच्यामागे होता आणि निघताना त्याने टोमणा मारलाच, "पेटीमास्तर, रायफल नाही तर आज हार्मोनियम घ्यायचं होतं!"

"तुज्या वरातीक वाजवतलंय रे," परब म्हणाला. त्याचं मी ऐकलेलं हे शेवटचं वाक्य.

वर गेल्यावर रस्ता सपाट होतो आणि खाणीच्या कडेशी डावीकडे वळतो. वळणावर कठडा नव्हता. चुन्याने रंगवलेले चार दगड होते. सुभेदार शिंदे बाजूने चालत होते. त्यांनी हुकूम दिला, "बाएँ घूम!"

रांगा वळल्या. परब वळला नाही.

मी जीपमधून पाहत होते. तो एकटा सरळ निघाला. वेग तोच. हात खांद्यापर्यंत. मागचा गुरव क्षणभर त्याच्यामागे दोन पावलं गेला, कारण पुढचा जाईल तिकडे जायचं हे त्याच्याही पायात बसलेलं होतं. मग तो थांबला.

"परब! थम!" सुभेदार ओरडले. मग जुन्या फौजेतल्या इंग्रजीत, "हॉल्ट! हॉल्ट!" आणि मग धावत, हुकूम नव्हे असं, "अरे थांब रे, पोरा!"

चुन्याचे दगड त्याने ओलांडले. पाऊल शेवटपर्यंत बरोबर होतं.

खाली उतरायला वाट फिरून होती. मी पोचले तेव्हा करण्यासारखं काही नव्हतं. खाणीतल्या बायकांनी त्याच्यावर आपलं एक लुगडं पांघरलं होतं. मी नाडी पाहिली, कारण पाहायची असते. सुभेदार शिंदे वरच्या कडेवर उभे होते. ते सावधानमध्ये उभे होते आणि किती तरी वेळ तसेच राहिले.

दुपारी सुरुंग उडाले नाहीत. त्या दिवशी खाण बंद ठेवली होती.

चौकशी झाली. बाहेरून एक कर्नलसाहेब आले. त्यांचा पहिला प्रश्न अपेक्षित होता: डोकेवाल्या वॉर्डातला माणूस, सगळे वळतात तिथे एकटा सरळ जातो. त्याने जीव दिला असेल का? घरची काही चिंता होती का?

मी चार्ट समोर ठेवला आणि जे पाहिलं ते सांगितलं. मेजरसाहेबांनी सांगितलं की नर्सिंग ऑफिसरने आधी कळवलं होतं आणि आपण ग्राउंडवर पाहून चुकीचा अर्थ लावला. आवाज न बदलता सांगितलं. कर्नलसाहेबांना तरी ते पटेना. उभ्याने, चालत, बूट आपटत माणूस बेशुद्ध असतो हे त्यांना ऐकायलाच विचित्र वाटत होतं.

शेवटी सुभेदार शिंद्यांना बोलावलं.

"तुमचं मत काय, सुभेदारसाहेब?"

"साब, मरायला निघालेली माणसं मी लढाईत बघितलीत. कोण धावतं, कोण पाय ओढतं, कोण मागं वळून बघतं. मरायला निघालेल्या माणसाचे हात खांद्यापर्यंत येत नाहीत, साब. परब परेडवर होता. त्याच्या डोक्यात हुकूम पोचला नाही. सिस्टरसाबनी मला सांगितलं होतं. मी हसलो."

कर्नलसाहेबांनी ते लिहून घेतलं. निकाल आला: कर्तव्यावर असताना अपघाती मृत्यू. त्याच्या नावावर आत्महत्येचा डाग लागला नाही. तेवढं आम्हाला करता आलं.

दादा सामान न्यायला आला. फोटो, बूट, एक पितळी कंगवा. मी त्याला आजार समजावून सांगितला, काश्मीरची जखम, वीज, सगळं. तो मान खाली घालून ऐकत होता. मग हात जोडून म्हणाला, "सिस्टर, तां फिटीचा कागदार नको. पाठची भईण आसा आमची. अपघात लिवलाय ना? तसोच ऱ्हवांदे."

मेजरसाहेबांनी तसंच राहू दिलं. निकालाच्या कागदावर आजाराचं नाव आलं नाही. घाटकोपरची ती मुलगी एकदा येऊन बराकीच्या फाटकाशी उभी राहिली, असं गार्डने मला सांगितलं. आत आली नाही. तिला कोणी काय सांगितलं मला माहीत नाही. बहुतेक कोणीच काही सांगितलं नसेल.

परब गेला ते त्याच्या फिटमुळे, असं मी पुष्कळ दिवस म्हणत असे. आता म्हणत नाही. युनिटने तिला हुकूमभंग म्हटलं, गुरवने पेटी म्हटलं, आईने नजर म्हटलं, मेजरसाहेबांनी ती पाहूनही फिटनेस म्हटलं, आणि त्याने स्वतः काहीच नाही म्हटलं. तिला तिच्या नावाने हाक मारून, तिच्याकडे बघत त्याच्या शेजारी चालणारं एक माणूस असतं, तर त्या वळणावर दंडाला धरून वळवणं पुरलं असतं. इतकं साधं होतं ते.

नंतर सुभेदार शिंद्यांनी ड्रिल बदललं. कोणाची परवानगी घेतली नाही. प्रत्येक पेशंटला एक जोडीदार. तो त्याच्या पावलाकडे पाहणार नाही, तोंडाकडे पाहील. गुरव स्वतःहून एका नव्या, फिट येणाऱ्या पोराचा जोडीदार झाला. टोमणे तसेच चालू ठेवले, पण त्या पोराच्या कोपराला त्याचा हात कायम असे. मेजरसाहेबांनी गोळ्या सुरू केल्या आणि त्या पोराच्या फिट कमी कमी होत गेल्या. ते बघायला मिळालं हे बरं, आणि ते आधी का नाही, हेही रोज मनात येई.

इरा, तुझ्या गोळ्या वेळेवर घे. पोहायला आणि रस्ता ओलांडायला एकटी जाऊ नकोस, डॉक्टर सांगतील तोवर. आणि तुझ्या शेजारी चालणाऱ्या मैत्रिणीला सांग. आजाराचं नाव घेऊन सांग, काय होतं आणि तेव्हा तिने काय करायचं. ती हसली तर हसू दे. गुरवही हसायचा. फक्त तिला माहीत असलं पाहिजे.

लढाईत पडलेल्यांची नावं दगडावर कोरतात. परबचं नाव कोणत्याही दगडावर नाही, कारण तो लढाईत पडला नाही, असं कागद म्हणतात. मला विचाराल तर तो काश्मीरमध्येच पडला, फक्त खाली पोचायला त्याला काही वर्षं लागली. त्याच्या घरच्यांनी झाकून ठेवलेला शब्द मी आज इतक्या वर्षांनी लिहिते आहे. दादा आता असेल नसेल. असला तर मला माफ करो.

नाईक यशवंत परब. कानाच्या वर जखम, काश्मीर. आजार, अपस्मार. ड्रिल, उत्तम.